काळी खिडकी आणि मास्तरांचे जावई

सासऱ्यांचा आवाज जगातून नाहीसा होऊ नये, एवढीच ग्रंथपालकाकांची इच्छा होती. सासरे हयात असताना तो आवाज निदान जेवणाच्या वेळी तरी कानांवर पडू नये, अशी इच्छा त्यांनी अधूनमधून केली असेल. परंतु तो निराळा काळ होता, आणि ती इच्छा कधी ओठांबाहेर पडली नव्हती.

सासरे शाळेत विज्ञान शिकवीत आणि दर रविवारी सकाळी नभोवाणीवरून बोलत. दूध उतू का जाते, पाण्यात बुडवलेला चमचा वाकडा का दिसतो, गरम पेला थंड पाण्याने का तडकतो, असल्या घरगुती विषयांवर ते अशा काही गांभीर्याने बोलत, की ऐकणाऱ्यास दूध उतू जाणे हे पातक न वाटता सृष्टीचे एक विलसित वाटू लागे. सारे त्यांना मास्तर म्हणत; लेकीचे मात्र ते नाना. केंद्रात येणाऱ्या श्रोत्यांना प्रश्न विचारण्याची मुभा असे. मात्र मास्तरांचा एक दंडक होता. "आधी नाव सांगा, मग काम सांगा, मग गप्प बसून ऐका." हा दंडक ते घरीही चालवीत. तरुणपणी ग्रंथपालकाका जेव्हा मास्तरांच्या कन्येला मागणी घालण्यासाठी त्यांच्या दारी गेले, तेव्हा उंबऱ्याबाहेर उभे राहून त्यांनी आपले नाव सांगितले, काम सांगितले आणि भीतीने खरोखरच गप्प बसले. मास्तरांना जावई पसंत पडला तो त्या तिसऱ्या गुणावर, असे काकू आजही पाहुण्यांसमोर सांगतात.

मास्तर जाऊन बराच काळ लोटला होता. घरी त्यांचे छायाचित्र होते, चष्मा होता, आवाज मात्र नव्हता. तो होता फक्त नभोवाणी केंद्राच्या संकेतस्थळावरील 'जुना संग्रह' नावाच्या एका कोपऱ्यात. आणि हा कोपरा महिनाअखेरीस कायमचा बंद होणार, अशी सूचना तेथे झळकली होती.

"राहू दे हो," काकू भाजी चिरता चिरता म्हणाल्या. "नाही मिळालं तर नाही. इतकी वर्षं कुठे होतं आपल्याकडे?"

असे म्हणून त्या स्वयंपाकघरात गेल्या खऱ्या, परंतु काकांनी थोड्या वेळाने बाहेरच्या खोलीत डोकावून पाहिले तर काकू संगणकाच्या कर्ण्याला कान लावून बसलेल्या. मास्तरांचे अर्धेमुर्धे वाक्य येई, चाक फिरत राही, मग काहीच नाही. "पाण्याला जेव्हा आपण..." एवढेच मास्तर म्हणत आणि थांबत. पाण्याला आपण काय करतो, हे ऐकण्यासाठी काकू पुन्हा पहिल्यापासून लावीत. ते दृश्य पाहिल्यावर काकांनी मनाशी जो निर्धार केला, त्याचे वर्णन भीष्मप्रतिज्ञा याहून कमी शब्दांत करता येणार नाही.

संगणक जुना होता. वाचनालयाने तो निरोपसमारंभात शालीसोबत दिला होता, आणि त्यातही शाल अधिक नवी होती. त्यावर नवे काही चालत नसे. संकेतस्थळावर भाषण ऐकण्याचे बटण होते, उतरवून घेण्याचे नव्हते. म्हणून काकांनी परगावी संगणकाचीच नोकरी करणाऱ्या लेकीला फोन लावला.

"बाबा, तुमच्या त्या जुन्या डब्यात एक काळी खिडकी आहे," लेक म्हणाली. "तीत आज्ञा लिहायची, की फाईल आपोआप घरी येते. मी चार ओळी पाठवते, तशाच उतरवा."

चार ओळी आल्या. काकांनी हातपाय धुऊन त्या टंकित केल्या. काळ्या खिडकीने तांबड्या अक्षरांत खेद व्यक्त केला.

"अरेच्चा," लेक म्हणाली. "तुमच्याकडे फारच जुनं आहे हो ते. मी लिहिलेली आज्ञा त्याला माहीतच नाही. त्याच्या वेळी ही जन्मली नव्हती."

"मग त्याच्या वेळचं लिही."

"ते मलाही शोधावं लागेल, बाबा. ते आता कुणी वापरत नाही."

हे ऐकून काकांना त्या काळ्या खिडकीविषयी प्रथमच आपुलकी वाटली. आपल्यालाही आता कुणी वापरत नाही, परंतु आपल्याच काळातील भाषेत कुणी विचारले तर आपण अजून उत्तर देतो. हिचेही तसेच असणार. आणि झालेही तसेच. लेकीने कुठून तरी जुन्या धाटणीची आज्ञा शोधून पाठवली. ती म्हणे एकेका भाषणाचा पत्ता घेई, केंद्राच्या यंत्राकडे जाई आणि भाषण आणून घरच्या कप्प्यात ठेवी. काकांनी कळ दाबली. निमिषार्धात सारी भाषणे कप्प्यात हजर!

एवढ्या त्वरेने कार्यसिद्धी झालेली काकांनी उभ्या आयुष्यात पाहिली नव्हती. तेव्हाच त्यांना संशय यावयास हवा होता. एकही भाषण वाजेना. लेकीच्या सांगण्यावरून त्यांतील एक उघडून पाहिले तर आत आवाज नव्हताच, एक ओळ होती: 'ओळख न सांगणाऱ्यांस प्रवेश नाही.' प्रत्येक भाषणाच्या नावाखाली तीच ओळ.

"कळलं," लेक म्हणाली. "हे जुनं यंत्र दारात जातं आणि नावच सांगत नाही. आपण त्याच्या तोंडी एक नाव घालायचं. कुठल्याही ब्राउझरचं नाव लिहून द्या. सगळे तेच करतात."

"म्हणजे खोटं नाव सांगायचं?"

"बाबा, यंत्र आहे ते. त्याला काय कळतंय?"

येथे ग्रंथपालकाकांचा स्वाभिमान जागा झाला. ज्या माणसाने वाचनालयाच्या दाराशी बसून आयुष्यभर येणाऱ्याचे नाव विचारले, मंत्रिमहोदयांनाही "आपण कोण?" असे विचारून ज्याने स्वतःची बढती लांबणीवर टाकली, त्याने खोटे नाव धारण करून सासऱ्यांच्या भाषणापर्यंत पोहोचावे? आणि तेही कोणत्या सासऱ्यांच्या? "आधी नाव सांगा" म्हणणाऱ्या!

त्यांनी आज्ञेतील नावाच्या जागी आपली खरी ओळख लिहिली. लिपी इंग्रजी घ्यावी लागली, त्यास इलाज नव्हता. भाषा मात्र त्यांनी आपलीच ठेवली. 'मी सार्वजनिक वाचनालयाचा निवृत्त ग्रंथपाल व मास्तरांचा एकुलता एक जावई. मास्तरांची भाषणे त्यांच्या कन्येसाठी नेण्यास आलो आहे. काम होताच निघून जाईन. तसदीबद्दल क्षमस्व.' प्रारंभी पूर्ण नाव आणि अखेरीस दूरध्वनी क्रमांक.

लेक फोनवर इतकी हसली, की तिच्या कार्यालयातील लोक तिला पाणी देऊ लागले. "अहो बाबा, दर फाईलमागे एवढं सगळं बोलणार ते!"

"बोलू दे. दर खेपेला दारात जायचं, तर दर खेपेला सांगायला नको?"

या वेळी घटकाभर वेळ लागला, आणि तो लागला म्हणूनच काकांना विश्वास वाटला. काम आटोपल्याचे चिन्ह दिसताच त्यांनी शेजारच्या लिफ्टवाल्यांना आणि वरच्या मजल्यावरील अध्यक्षांना ऐकावयास बोलावले. लिफ्टवाले म्हणजे लिफ्ट बनवणाऱ्या कारखान्यातून निवृत्त झालेले सद्गृहस्थ. यंत्र म्हटले की सल्ला देणे ते आपले कर्तव्य समजत. अध्यक्ष म्हणजे इमारतीच्या सोसायटीचे. खुर्च्या मांडल्या गेल्या. काकू पदर सावरून पुढे बसल्या. काकांनी कप्पा उघडला. कप्प्यात एकच फाईल होती.

"बाकीची?" अध्यक्षांनी विचारले.

"ही तरी लावा," काकू म्हणाल्या.

लावली. निवेदिकेचा मंजुळ स्वर उमटला: "मास्तरांची प्रकृती ठीक नसल्याने आजचे भाषण होणार नाही. श्रोत्यांनी बासरीवादन ऐकावे."

श्रोत्यांनी बासरीवादन ऐकले. ते बरेच दीर्घ होते. मध्येच उठून जाणे बरे दिसेना, म्हणून अध्यक्ष शेवटपर्यंत बसले आणि जाताना एवढेच म्हणाले, "तुमचे सासरे वाजवायचे छान."

झाले होते असे: काकांनी घरच्या कप्प्यात येणाऱ्या फाईलला मोठ्या भक्तिभावाने 'मास्तर' असे नाव दिले होते, आणि प्रत्येकीला तेच. दुसरी आली की तिने पहिलीला पुसावे, तिसरीने दुसरीला. अशी सारी भाषणे आली, एकमेकांच्या जागी बसली आणि गेली. एका ग्रंथपालाच्या हातून हे व्हावे! एकाच खणात ग्रंथ ठेवीत जावे आणि नवा ठेवताना जुना जाळावा, तसे. काकांनी त्या दिवशी चहा घेतला नाही. म्हणजे घेतला, परंतु साखर घेतली नाही.

"अहो, नानांना सर्दी झाली होती तेव्हा," काकू हळूच म्हणाल्या. "मला आठवतंय. घरभर काढ्याचा वास होता." आणि त्या हसल्या. त्या हसण्याने काकांचा पराभव निम्मा झाला आणि निर्धार दुप्पट.

लेकीने दुरुस्ती सांगितली. प्रत्येक भाषणाला त्याचा स्वतःचा क्रमांक मिळाला. शिवाय लेकीने एक ओळ वाढवली: दोन भाषणांच्या मध्ये यंत्राने जरा थांबावे. "आणि बाबा, आता फक्त वाट बघा. ते जुनं आहे, किती झालं ते दाखवत नाही. खिडकी काळीच राहील. हात लावू नका."

महिना सरत आला होता. काकांनी कळ दाबली आणि पाहत बसले. खिडकी काळीच राहिली. थोड्या वेळाने लिफ्टवाले डोकावले.

"काय, चालतंय का?"

"चालत असावं."

"असावं म्हणजे? दिसत तर काही नाही. पुन्हा दाबा."

"लेक म्हणाली, हात लावू नका."

"लेकीला काय कळतंय? मी आयुष्यभर यंत्रं बसवली. लिफ्ट आली नाही की माणूस काय करतो? पुन्हा बटण दाबतो."

"मग लवकर येते का?"

उत्तर ठाऊक असूनही आयुष्यभराच्या निष्ठेपायी ते देता न येणाऱ्या मनुष्याची जी मुद्रा होते, ती लिफ्टवाल्यांची झाली. "दाबणाऱ्याला बरं वाटतं," ते म्हणाले.

काकांना बरे वाटण्याची नितांत गरज होती. त्यांनी दुसरी काळी खिडकी उघडली आणि तिथेही आज्ञा दिली. तीही काळीच. मग तिसरी. लिफ्टवाल्यांच्या डोळ्यांत कारखान्याचे दिवस चमकू लागले. "अजून एक. तो थांबतो ना मध्येमध्ये, ती ओळ काढा. थांबणारं यंत्र काय कामाचं?" अखेर पडद्यावर इतक्या काळ्या खिडक्या उघडल्या, की संगणक विजेवाचून बंद पडल्यासारखा दिसू लागला. आणि त्या प्रत्येक खिडकीतून एक अदृश्य ग्रंथपाल धावत सुटला. केंद्राच्या दारात उभा राहून आपले नाव, हुद्दा, नाते आणि हेतू सांगू लागला. उत्तर येण्याआधीच दुसरा त्याच्या मागे येऊन तेच सांगू लागला.

केंद्राच्या यंत्राने काही काळ हे सोसले. मग त्याने दार लावून घेतले. कप्प्यात तुटकी भाषणे पडली होती. "पाण्याला जेव्हा आपण..." आणि शांतता.

दार लावले ते एकट्या काकांना लावले असते, तर ते दुःख घरातल्या घरात राहिले असते. परंतु अध्यक्षांनी मागच्याच वर्षी, स्वस्त पडते म्हणून, साऱ्या इमारतीला मिळून एकच इंटरनेटची जोडणी घेतली होती. बाहेरून पाहणाऱ्याला ती अवघी इमारत म्हणजे एकच मनुष्य. तो मनुष्य केंद्राने हाकलून दिला होता. आणि त्याच संध्याकाळी अंतिम सामन्याचे धावते समालोचन केंद्राच्या त्याच संकेतस्थळावरून ऐकावयाचे म्हणून इमारतीतील झाडून सारे पुरुष फोन उघडून बसले होते.

जिन्यात सभा भरली. ती बोलावली कुणीच नव्हती, म्हणूनच उपस्थिती उत्तम होती.

"ग्रंथपालकाका, तुम्ही केंद्रावर हल्ला केलात?" अध्यक्ष कडाडले.

"हल्ला? मी क्षमा मागून आत गेलो होतो!"

"बासरी ऐकवलीत तेव्हा मी काही बोललो नाही. पण शेवटचं षटक चाललंय, आणि माझ्या फोनवर येतंय, 'आपल्यास प्रवेश नाही'! मला? अध्यक्षाला?"

काकांनी लिफ्टवाल्यांकडे पाहिले. लिफ्टवाले कठड्याचा रंग न्याहाळत होते. "मी तेव्हाच म्हटलं होतं, लेकीचं ऐका," ते म्हणाले.

दुसऱ्या दिवशी काकांनी केंद्राला फोन लावला. एका ध्वनिमुद्रित बाईंनी निरनिराळे आकडे दाबावयास सांगितले, आणि अखेरीस म्हणाल्या, "आपली तक्रार आमच्या संकेतस्थळावर नोंदवा." ज्या दारातून हाकलले त्याच दाराच्या आत जाऊन, हाकलल्याची तक्रार करावयाची होती. न्यायशास्त्रात अन्योन्याश्रय नावाचा दोष सांगितला आहे. केंद्राने त्याचा विभागच उघडला होता.

मग काका इस्त्रीचा सदरा घालून स्वतः केंद्रावर गेले. स्वागतकक्षातील कारकुनाने त्यांचे सारे ऐकून घेतले.

"संकेतस्थळाचा विभाग इथे नाही, काका."

"मग कुठे आहे?"

"संकेतस्थळावर."

"अहो, पण माणसं कुठे तरी बसत असतील ना?"

"बसत असतील," कारकून सहानुभूतीने म्हणाला. "आम्ही कधी पाहिली नाहीत. आणि जुना संग्रह तर उद्या बंद होतोय. आता कशाला त्रास घेता?"

काका घरी आले. पायताणे काढली, खुर्चीत बसले. काकूंनी पाण्याचा पेला पुढे केला.

"नाही जमलं," काका म्हणाले. "तुझ्या नानांनी मला पहिल्यांदा पाहिलं तेव्हाच त्यांना कळलं असावं. नाव सांगण्यापलीकडे याला काही येत नाही."

"असू द्या हो. तुम्ही गेलात तरी," काकू म्हणाल्या. मग खिडकीतून बाहेर पाहत हळूच म्हणाल्या, "पाण्याला आपण काय करतो, तेवढं कळायला हवं होतं."

दुसऱ्या दिवशी सकाळी, काका दाढीला बसले असताना, फोन वाजला. अध्यक्ष असणार, म्हणून त्यांनी साबणासकट तो कानाला लावला.

"नमस्कार. मास्तरांचे एकुलते एक जावई बोलताय का?" एका स्त्रीचा आवाज होता.

काका आपोआप उभे राहिले. त्यांनी नाव सांगितले, काम सांगितले आणि सवयीने गप्प बसले.

"मी केंद्राची यंत्रं सांभाळते. परवा कुणी एवढी गर्दी केली म्हणून मी काल तपासायला बसले. अहो, आमच्याकडे दिवसभर किती यंत्रं येतात, सगळी खोट्या नावानं. कुणी खरं सांगत नाही. आणि इथे बघते तर ओळीमागून ओळ: 'मास्तरांच्या कन्येसाठी नेण्यास आलो आहे, तसदीबद्दल क्षमस्व.' आजोबा, परवा तुम्ही आमची हजारो वेळा क्षमा मागितलीत!"

"मी... एकदाच मागणार होतो," काका कसेबसे म्हणाले.

"मी ते विभागात मोठ्यांदा वाचून दाखवलं. आमचे साहेब म्हणाले, याला दार उघडा, आणि याला हसलात म्हणून त्याची माफीही मागा. तर मागते. शिवाय फोन नंबर दिला होतात म्हणून बरं. नाही तर तुम्हाला शोधणार कुठे? आता असं करा: सगळ्या खिडक्या बंद. एकच ठेवा. ती थांबण्याची ओळ होती ना पहिल्या वेळी? ती परत घाला. तुमचं शेवटचं भाषण पोहोचेपर्यंत संग्रह मी बंद करत नाही."

फोन ठेवून काकांनी वळून पाहिले, तर काकू दारात उभ्या. "अर्धी दाढी तशीच राहिलीय तुमची," त्या म्हणाल्या, आणि पदराने त्यांच्या गालावरचा साबण पुसू लागल्या. पुसता पुसता तोच पदर स्वतःच्या डोळ्यांकडे नेला. साबण डोळ्यांत गेला, असे त्यांचे म्हणणे पडले.

एक खिडकी उघडली. ओळ परत घातली. लिफ्टवाले डोकावले, तेव्हा काकूंनी त्यांना खुर्चीवर बसवले आणि त्यांच्या दोन्ही हातांत चहाची बशी आणि कप दिला; हात मोकळा राहू नये एवढ्यासाठी. काळी खिडकी काळीच राहिली आणि कुणीही काही दाबले नाही. सकाळची दुपार झाली. कप्प्यात एकेक भाषण, आपापल्या क्रमांकाने, शाळेत येणाऱ्या मुलांसारखे येऊन बसत होते. इमारतीतूनही एकेक हाक आली: "लागलं हो, केंद्र लागलं!" सामना कधीच संपला होता, तरीही लोक समाधानाने हवामानाचा वृत्तांत ऐकू लागले.

संध्याकाळी काकूंनी हवे ते भाषण लावले. "पाण्याला जेव्हा आपण तापवतो," मास्तर म्हणाले, "तेव्हा ते आधी गप्प असते. बोलू लागते ते नंतर." काकूंनी डोळे मिटले. इतक्या दिवसांचे अडलेले वाक्य पुरे झाले होते. काकांना स्वतःच्याच छातीवरून एखादे कपाट हलवल्यासारखे वाटले.

भाषणाच्या शेवटी प्रश्नांची वेळ आली. ध्वनिमुद्रणात पावलांचा बारीक आवाज झाला आणि एक लहान मुलगी धापा टाकत म्हणाली, "आरशात डावं उजवं होतं, मग वरचं खाली का होत नाही?"

"आधी नाव सांगा," मास्तर म्हणाले.

"नाना, मीच आहे ना!"

"'मीच' नावाचं कुणी माझ्या ओळखीचं नाही."

"मी तुमचीच मुलगी! आणि काम असं, की घरी विचारलं की तुम्ही म्हणता, रविवारी विचार. म्हणून रविवारी आले."

केंद्रातील माणसे हसल्याचे ऐकू आले. आणि मग साऱ्या श्रोत्यांसमक्ष मास्तरही हसले. दबकत, घसा खाकरत, शिस्तीत.

"हे मी विसरूनच गेले होते," काकू म्हणाल्या. "नाना हसले होते. माझ्यामुळे."

इतक्यात दारावरची घंटा वाजली. काका उठू लागले, पण काकूंनी त्यांना हाताने बसवले आणि आतूनच विचारले, "कोण आहे?"

"मी आहे," बाहेरून अध्यक्षांचा आवाज आला.

"आधी नाव सांगा, मग काम सांगा!"

बाहेर थोडी चलबिचल झाली. मग अध्यक्षांनी आपले पूर्ण नाव सांगितले, मजला सांगितला, आणि जरा खालच्या आवाजात काम सांगितले: दूध उतू जाण्याचे भाषण मिळाले असेल तर ऐकावे म्हणतो, घरी रोज त्यावरून बोलणी खावी लागतात. काकूंनी दार उघडले. अध्यक्ष आत आले, रिकाम्या खुर्चीत बसले, आणि मास्तर बोलू लागताच गप्प झाले. ते शेवटपर्यंत गप्पच राहिले. इमारतीच्या इतिहासात असे प्रथमच घडत होते. लिफ्टवाल्यांनी बशी खाली ठेवून त्यांच्याकडे दोनदा निरखून पाहिले.